थ्रॉटल पोझिशन सेन्सर: दोष नेमका कुठे आहे ते शोधा, सेन्सर मगच बदला

स्कॅनर लावला, पी०१२१ कोड आला, नवा सेन्सर आणून बसवला. चार दिवस गाडी बरी चालली आणि पुन्हा तेच गचके. थ्रॉटल पोझिशन सेन्सरच्या बाबतीत हे नेहमीचं आहे, आणि त्याचं कारण कोड वाचण्यातल्या गफलतीत असतं. कोड सेन्सरला दोषी ठरवत नाही. त्या सर्किटमध्ये काहीतरी बिनसलंय, एवढंच तो सांगतो. सर्किटात सेन्सर आहे, तारा आहेत, तारा जोडणारा कपलर आहे, ईसीयू म्हणजे इंजिनचा संगणक आहे. शिवाय सेन्सर जिची स्थिती मोजतो ती थ्रॉटलची झडपही आहे. यातलं काय बिघडलंय ते साध्या डिजिटल मल्टिमीटरने अर्ध्या-पाऊण तासात सिद्ध करता येतं. ते सिद्ध झाल्याशिवाय स्क्रूला हात लावू नये, एवढाच माझा आग्रह आहे. नाहीतर चोर सोडून संन्याशाला फाशी द्यायची वेळ येते.

सेन्सर मोजतो काय

ॲक्सिलरेटर दाबला की पेट्रोल वाढतं, असं आपण बोलण्यात म्हणतो. पेट्रोल इंजिनात आधी वाढते ती हवा. पेडल दाबल्यावर थ्रॉटल बॉडीतली गोल झडप उघडते, हवा आत शिरते आणि त्या हवेच्या हिशेबाने किती पेट्रोल फवारायचं ते ईसीयू ठरवतो. हवेचं माप घ्यायला मॅफ (आत येणाऱ्या हवेचं प्रमाण मोजणारा) किंवा मॅप (इनटेकमधला दाब मोजणारा) सेन्सर असतोच. मग झडपेचा कोन वेगळा का मोजायचा? कारण हवेचं माप ईसीयूपर्यंत किंचित उशिरा पोहोचतं आणि चालकाला काय हवंय ते त्याआधी झडपेच्या हालचालीत दिसतं. पाय झटकन दाबला की त्याच क्षणी थोडं जादा पेट्रोल, उतारावर पाय उचलला की पेट्रोल बंद, पेडल पूर्ण सुटलं की आयडलिंगचा कारभार, ऑटोमॅटिक गाडीत गिअर कधी बदलायचा, या सगळ्या निर्णयांत या छोट्या सेन्सरच्या व्होल्टेजचा वाटा असतो.

केबलने उघडणाऱ्या थ्रॉटलवर हा सेन्सर बहुधा पोटेन्शिओमीटर असतो आणि झडपेच्या दांड्याच्या टोकाला बसतो. आत कार्बनचा वक्र पट्टा आणि त्यावरून सरकणारी धातूची बारीक जीभ. पट्ट्याच्या एका टोकाला ५ व्होल्टचा रेफरन्स, म्हणजे ईसीयूकडून येणारं स्थिर व्होल्टेज, दुसऱ्या टोकाला अर्थ (अर्थिंग) आणि जिभेवरून निघते ती सिग्नलची तार. झडप बंद असताना सिग्नल साधारण ०.५ ते ०.९ व्होल्ट असतो, पूर्ण उघडी असताना ४ ते ४.७ व्होल्टच्या आसपास. नेमके आकडे प्रत्येक मॉडेलचे वेगळे, ते सर्व्हिस मॅन्युअलमध्ये पाहावेत. पण शून्य आणि ५ ही दोन टोकं मुद्दाम मोकळी सोडलेली असतात. तिथे आकडा गेला तर झडप कुठे आहे हा प्रश्नच उरत नाही. तार तुटलीय किंवा शॉर्ट झालीय, हे ईसीयू ओळखतो.

जुन्या रेडिओचं आवाजाचं बटण फिरवताना एका ठरावीक जागी खरखरतं, तोच आजार या सेन्सरला होतो, कारण आतली रचना तीच आहे. गाडी बहुतेक वेळ झडप थोडीशीच उघडी ठेवून चालते, म्हणून पट्टा झिजतो तोही तेवढ्याच सुरुवातीच्या भागात. झडप पूर्ण बंद असताना व्होल्टेज बरोबर, पूर्ण उघडी असताना बरोबर, आणि मधल्या एका टिंबाएवढ्या जागी सिग्नल गायब, अशी स्थिती सहज असू शकते. दोन टोकं मोजून ‘सेन्सर ठीक आहे’ असा निकाल देणारे हमखास इथेच फसतात.

नंतरच्या अनेक गाड्यांत पट्टा-जीभ नसते. चुंबक आणि हॉल-इफेक्टची चिप कोन मोजते. घासायला काही नसल्यामुळे ती तशी झिजत नाही, पण उष्णतेने किंवा आत ओल शिरल्याने बिघडू शकते. असा सेन्सर ओहममध्ये तपासण्यात अर्थ नाही.

ज्या गाडीत पेडलपासून थ्रॉटलपर्यंत केबलच नाही, तिथे झडप मोटर हलवते. थ्रॉटल बॉडीच्या एका बाजूला मोटरचा फुगवटा आणि बहुधा सहा पिनांचा कपलर दिसला की ओळखावं. यात झडपेवर दोन सेन्सर असतात, एकमेकांवर पहारा ठेवायला. बऱ्याच रचनांत एकाचं व्होल्टेज चढतं तसं दुसऱ्याचं उतरतं आणि दोन्हींची बेरीज ५ च्या आसपास राहते. काहींत दोन्ही चढतात, पण वेगवेगळ्या गतीने. पेडलपाशी अशीच आणखी एक जोडी असते. या प्रकारात सेन्सर बहुधा सुटा मिळत नाही आणि थ्रॉटल बॉडी सबंध बदलावी लागते. म्हणजे चुकीचं निदान इथे जास्तच महागात पडतं.

पुढचं सगळं पेट्रोल इंजिनासाठी आहे. डिझेलमध्ये हवेच्या वाटेवर झडप असली तरी तिचं काम वेगळं असतं.

गाडी काय सांगते

सर्वांत बोलकं लक्षण म्हणजे ठरावीक जागचा गचका. सिग्नलवरून निघताना पेडल हलकेच दाबलं की गाडी क्षणभर मान टाकते आणि मग एकदम उसळते. जोरात दाबलं तर मात्र व्यवस्थित पळते. पट्ट्याच्या झिजलेल्या जागेवरून जीभ जाते तो हा क्षण. सपाट रस्त्यावर एका वेगाने चालताना पाय स्थिर असूनही गाडी पुढे-मागे ओढल्यासारखी होत असेल, तरी हाच संशय घ्यावा.

याशिवाय आयडलिंग वरखाली होणं, थांबताना इंजिन बंद पडणं, पाय काढल्यावरही आरपीएम चढेच राहणं, ऑटोमॅटिकमध्ये गिअर उशिरा किंवा झटका देऊन पडणं, क्रूझ कंट्रोल न लागणं, चेक इंजिनचा दिवा. इलेक्ट्रॉनिक थ्रॉटलमध्ये दोन सेन्सरांचं पटेनासं झालं की गाडी लिंप मोडमध्ये जाते. पेडल कितीही दाबा, वेग मर्यादेतच राहतो.

एक लक्षण फारसं कुणाला सुचत नाही. स्टार्टर फिरतो, ठिणगी आहे, पेट्रोलचा दाब आहे, पण गाडी सुरू होत नाही. इंजिनात पेट्रोल जास्त साचलं असेल तर पेडल तळापर्यंत दाबून स्टार्टर मारायचा, की इंजेक्टर बंद राहून ते सुकतं, अशी सोय बऱ्याच ईसीयूंमध्ये असते. सेन्सरच जर ‘झडप पूर्ण उघडी आहे’ असं खोटं सांगत असेल, तर ईसीयू स्टार्टर फिरताना पेट्रोल सोडतच नाही. अशा वेळी स्कॅनरवर थ्रॉटलचा आकडा बघायला दहा सेकंद लागतात.

तोतये

वरची लक्षणं एकट्या या सेन्सरची नाहीत. थ्रॉटल बॉडीत झडपेच्या कडेला साचलेला काळा चिकट थर, इनटेकमधली, म्हणजे हवेच्या वाटेवरची, व्हॅक्यूम गळती, आयडल कंट्रोल व्हॉल्व्ह, मळका मॅफ, कमकुवत पेट्रोल पंप, मरणपंथाला लागलेली इग्निशन कॉइल, सगळे जवळपास असंच नाटक करतात. फरक ओळखायची एक ढोबळ रीत आहे. गचका पेडलच्या जागेला बांधलेला असेल तर थ्रॉटल सेन्सरकडे पाहा. इंजिनावरच्या भाराला बांधलेला असेल, म्हणजे चढावर आणि वरच्या गिअरमध्ये ओढताना येत असेल, तर इग्निशन आणि पेट्रोलकडे पाहा. फक्त आयडलिंगला त्रास आणि पुढे सगळं सुरळीत असेल तर कार्बन, गळती किंवा आयडल व्हॉल्व्ह. या रीतीला अपवाद आहेतच, पण सुरुवात कुठून करायची ते तरी कळतं.

कोड आणि त्यांचा अर्थ

पी०१२० सर्किटात बिघाड, पी०१२१ आकडा इतर सेन्सरांशी जुळत नाही, पी०१२२ व्होल्टेज फार कमी, पी०१२३ फार जास्त, पी०१२४ मधूनच येणारा-जाणारा दोष. दुसऱ्या सेन्सरसाठी हीच माळ पी०२२० ते पी०२२४ अशी असते. झडपेवरच्या दोन सेन्सरांत तफावत आली की पी२१३५. पी२१३८ दिसला तर थ्रॉटल बॉडी सोडून पेडलपाशी जा, कारण तो पेडलच्या सेन्सरांचा कोड आहे. हे दोन आकडे एकमेकांसारखे दिसतात आणि त्यापायी चांगल्या थ्रॉटल बॉड्या बदलल्या जातात.

कोड लगेच पुसून टाकू नका. आधी फ्रीझ फ्रेम लिहून घ्या: दोष नोंदला गेला तेव्हा आरपीएम किती, वेग किती, इंजिन गरम होतं की गार. दोष फक्त गरम इंजिनात येत असेल तर गार गाडीवर केलेली तपासणी ‘सगळं छान’ असंच सांगणार.

हाताशी काय हवं

डिजिटल मल्टिमीटर, त्यात किमान-कमाल आकडा पकडायची सोय किंवा बार-ग्राफ असला तर उत्तम. कपलरच्या मागून तारेशेजारी सरकवता येतील अशा बारीक पिना. थेट आकडे दाखवणारा ओबीडी (गाडीच्या निदान-सॉकेटला लागणारा) स्कॅनर. फिलिप्स आणि टॉर्क्स बिट, थ्रॉटल बॉडी क्लीनर, धागे न सुटणारं फडकं. तारेचं आवरण टोचून मोजायची सवय असेल तर ती इथे सोडा; त्या भोकातून ओल शिरते आणि काही महिन्यांनी तार आतून हिरवी पडते. बल्बवाला टेस्टरही नको, तो सेन्सरच्या सर्किटातून नको तेवढा करंट ओढतो.

सुरक्षेचं एकच, पण पक्कं लक्षात ठेवा: इलेक्ट्रॉनिक थ्रॉटलमध्ये चावी चालू असताना झडपेत बोट घालू नका. मोटर तिला अचानक आणि चांगल्या जोराने मिटवते.

तपासणी, क्रमाने

१. डोळ्यांनी. बोनेट उघडून आधी फक्त बघा. कपलर पूर्ण बसलाय का, त्याचं लॉक तुटलंय का, पिना हिरव्या-पांढऱ्या झाल्यात का, तारा कुठे गरम नळीला किंवा ब्रॅकेटला घासतायत का. कपलर काढून नाकाशी धरा. तेलाचा वास किंवा ओल जाणवली तर दोष अर्धा सापडला. केबलचं थ्रॉटल असेल तर झडप हाताने उघडून सोडा. ती टक् असा आवाज करून पूर्ण मिटायला हवी. अडखळत असेल तर आधी साफसफाई, कारण झडपच मिटत नसेल तर सेन्सर खरं तेच सांगतोय.

२. स्कॅनरवर. चावी ऑन, इंजिन बंद. थ्रॉटल पोझिशनचा आकडा उघडा. पेडल सुटं असताना तिथे १० ते १८ टक्के दिसलं तर दचकू नका. बरेच स्कॅनर ५ व्होल्टच्या प्रमाणात टक्के दाखवतात आणि ०.५ ते ०.९ व्होल्टचे तेवढेच होतात. पूर्ण दाबूनही १०० येत नाही, त्याचं कारणही हेच. आता पेडल अगदी सावकाश दाबत जा. आकडा सलग चढला पाहिजे. पण इथे सगळं नीट दिसलं तरी तेवढ्यावर थांबू नका. स्वस्त स्कॅनर सेकंदाला मोजकेच आकडे वाचतो आणि क्षणिक तुटका सिग्नल त्यातून निसटतो.

३. रेफरन्स आणि अर्थ. हा टप्पा लोक गाळतात आणि नेमका हाच जास्त उपयोगी आहे. चावी बंद करून कपलर काढा, चावी ऑन करा, मीटर २० व्होल्ट डीसीवर ठेवा. हार्नेसच्या (ईसीयूकडून येणाऱ्या तारांच्या जुडग्याच्या) बाजूच्या कपलरमध्ये रेफरन्स आणि अर्थ यांच्यामध्ये ४.८ ते ५.२ व्होल्ट मिळायला हवेत. कोणती तार कोणती हे माहीत नसेल, तर चावी बंद करून कपलर परत लावा, चावी ऑन करा आणि केबलच्या थ्रॉटलमधल्या तिन्ही तारा मागून, बॅटरीच्या निगेटिव्हच्या तुलनेत मोजा: एकीवर स्थिर ५, एकीवर जवळजवळ शून्य, आणि झडप हलवली की बदलते ती सिग्नल.

५ व्होल्ट नसतील तर सेन्सरवरचा संशय थोडा बाजूला ठेवा. हाच रेफरन्स बऱ्याच गाड्यांत मॅप सेन्सर, एसीचा प्रेशर सेन्सर अशा इतरांनाही जातो. त्यातला एक आतून शॉर्ट झाला की सगळ्यांचे ५ व्होल्ट बसतात. तेव्हा मीटर लावून ठेवा आणि एकेकाचा कपलर काढत जा. ज्याचा काढल्यावर ५ व्होल्ट परत येतात, तो गुन्हेगार.

अर्थ तपासायचा तो कपलर लावलेला असताना. अर्थच्या तारेपासून बॅटरीच्या निगेटिव्हपर्यंत ०.१ व्होल्टपेक्षा जास्त दिसायला नको. ही तार तुटली तर गंमत होते: पट्ट्यातून करंट वाहतच नाही, जीभ सरळ ५ व्होल्ट दाखवते आणि ईसीयू पी०१२३ लिहितो. सेन्सर ठणठणीत असूनही. त्याच वेळी स्कॅनरवर इंजिनाचं तापमान उणे ४० दिसत असेल तर समजा की दोघांची सामाईक अर्थ गेलीय.

४. सिग्नलची चाल. कपलर जोडलेला, चावी ऑन, इंजिन बंद, मीटरची एक पिन सिग्नलवर, दुसरी सेन्सरच्या अर्थवर. झडप बंद ते पूर्ण उघडी, जितकं सावकाश जमेल तितकं. घाई केलीत तर तपासणी वाया. सुरुवातीच्या एक-चतुर्थांश भागात तर मुंगीच्या पावलाने जा आणि तोच भाग पुन्हा पुन्हा मागे-पुढे करा. मीटरवर ०.६२, ०.७८, ०.९५, १.१० असं चढत असताना मध्येच ०.३४ येऊन पुन्हा १.२१ झालं, तर निकाल लागला. डिजिटल मीटरचा आकडा बदलायला वेळ लागतो, म्हणून बार-ग्राफ किंवा किमान-कमाल नोंद चालू ठेवावी: झडप उघडताना नोंदलेलं किमान व्होल्टेज बंद स्थितीपेक्षा खाली गेलं असेल तर मध्ये कुठेतरी सिग्नल पडलाय. ऑसिलोस्कोप असेल तर काम सोपं. चांगल्या सेन्सरची रेघ गुळगुळीत चढते, खराब सेन्सरच्या रेघेत खाली कोसळणारे काटे दिसतात.

काही सापडलं नाही तर झडप थोडी उघडी धरून स्क्रू ड्रायव्हरच्या मुठीने सेन्सरवर हलकेच टिचक्या मारा. मग हार्नेस कपलरपासून मागे वीतभर अंतरापर्यंत हलवून बघा. टिचकीने आकडा उडाला तर सेन्सर, तारा हलवल्यावर उडाला तर वायरिंग. दोष फक्त गरम असताना येत असेल तर केस वाळवायच्या ड्रायरने सेन्सर तापवून हीच चाचणी परत करा.

इलेक्ट्रॉनिक थ्रॉटलमध्ये झडप हाताने ढकलू नका. पेडल दाबून दोन्ही सिग्नल स्कॅनरवर एकत्र पाहा. काही गाड्यांत इंजिन बंद असताना झडप पूर्ण उघडत नाही, तिथे स्कॅनरमधली थ्रॉटलची ॲक्टिव्ह टेस्ट, म्हणजे स्कॅनरच्या हुकमाने झडप हलवायची चाचणी, वापरावी लागते. वीज नसताना झडप स्प्रिंगमुळे किंचित उघडी राहते, तो दोष नव्हे. लिंप मोडमध्ये गाडी कडेला नेता यावी म्हणून केलेली सोय आहे.

५. ईसीयूपर्यंतची तार. हे फक्त तीन तारांच्या, केबलच्या थ्रॉटलवर. चावी बंद करून कपलर काढा आणि हार्नेसच्या बाजूने रेफरन्स व सिग्नल यांना बारीक तारेने जोडा. चावी ऑन केल्यावर स्कॅनरवर थ्रॉटल १०० टक्क्यांजवळ गेला पाहिजे. सिग्नल अर्थला जोडला तर शून्याजवळ. दोन्ही झालं तर तारा आणि ईसीयू निर्दोष, आणि पी०१२२ चा दोष सेन्सरवर किंवा कपलरच्या सैल पिनेवर येतो. आकडा हललाच नाही, तर तार मध्येच कुठेतरी तुटली आहे किंवा दोष ईसीयूत आहे. नवा सेन्सर घालून काडीचाही उपयोग होणार नाही. रेफरन्स चुकूनही थेट अर्थला जोडू नका आणि सहा पिनांच्या कपलरवर हा प्रयोग मुळीच करू नका, तिथे शेजारीच मोटरच्या तारा असतात.

ओहमची चाचणी मी सर्वांत शेवटी ठेवतो. सुट्या सेन्सरच्या दोन टोकांमध्ये स्थिर रोध, सहसा काही किलो-ओहम, आणि जिभेपाशी सलग बदलणारा रोध मिळाला तर ठीक. पण व्होल्टेजची चाल पाहिली असेल तर याची फारशी गरज पडत नाही.

सेन्सर बदलणं: केबलचं थ्रॉटल

इंजिन थंड होऊ द्या. रेडिओचा कोड लागणारी गाडी असेल तर तो आधी शोधून ठेवा आणि बॅटरीचा निगेटिव्ह काढा. एअर फिल्टरपासून थ्रॉटलपर्यंतचा पाइप क्लिपा सैल करून बाजूला घ्या, म्हणजे झडपही दिसते आणि हातही पोहोचतो. कपलरला बऱ्याचदा रंगीत दुसरं लॉक असतं. ते आधी सरकवा, मग मुख्य कुलूप दाबून कपलर ओढा. तारा धरून ओढायचं नाही.

जुना सेन्सर काढण्याआधी त्याच्या कडेवरून थ्रॉटल बॉडीवर जाणारी बारीक रेघ टोकदार हत्याराने मारा. स्क्रूची भोकं लांबट असतील, म्हणजे सेन्सर थोडा फिरवता येत असेल, तर ही रेघ सोन्याच्या मोलाची. दोन स्क्रू असतात आणि त्यांवर कारखान्यात लॉकिंगचा पातळ गोंद लावलेला असू शकतो. बिट नेमक्या मापाची घ्या, नीट दाबून धरा आणि आधी एक छोटा ठोका द्या. डोकं गोल झालं की पाच मिनिटांचं काम दुपारभर लांबतं.

सेन्सर निघाल्यावर दांड्याचं टोक पाहा. दांडा वर-खाली किंवा बाजूला डुलत असेल तर थ्रॉटल बॉडीचं बेअरिंग झिजलंय; तिथे नवा सेन्सरही लवकरच वेडेवाकडे आकडे देईल. बसण्याची जागा कोरड्या फडक्याने पुसा. याच वेळी झडपेच्या कडेचा कार्बन काढून घ्यावा. क्लीनर फडक्यावर मारून पुसा, थेट फवारा नको. दांड्याच्या कडेने तो सेन्सरपर्यंत झिरपतो. काही थ्रॉटल बॉड्यांना आतून विशेष लेप असतो, म्हणून कार्ब्युरेटर क्लीनर आणि घासायचा ब्रश टाळा.

नवा सेन्सर बसवताना एक खुबी आहे. तो सरळ स्क्रूच्या भोकांवर धरून दाबला तर अनेकदा आतली जीभ दांड्याच्या चुकीच्या बाजूला बसते. झडप बंद ठेवा, सेन्सर थोडा तिरपा धरून दांड्याच्या चपट्या टोकावर अलगद बसवा, मग भोकं जुळेपर्यंत फिरवा. फिरवताना आतल्या स्प्रिंगचा हलका विरोध जाणवला पाहिजे. विरोध उलट्या दिशेला जाणवला किंवा अजिबात जाणवला नाही, तर काढून पुन्हा बसवा. ओ-रिंग असेल तर नवीच घाला. स्क्रू हाताने लावून आधी झडप उघडून-मिटून पाहा: ती पूर्वीसारखी टक् करून मिटतेय ना? सेन्सर तिला अर्धवट धरून ठेवत नाही ना? मग घट्ट करा, पण जपून. प्लॅस्टिकचं अंग आणि बारीक स्क्रू, २ ते ३ न्यूटन-मीटर पुष्कळ होतं.

लांबट भोकांचा सेन्सर असेल तर स्क्रू पूर्ण आवळण्याआधी बॅटरी आणि कपलर जोडून, चावी ऑन करून, बंद झडपेचं व्होल्टेज मॅन्युअलमधल्या आकड्यावर आणा. आकडा हाती नसेल तर आधी मारलेली रेघ जुळवा. स्क्रू आवळताना सेन्सर किंचित सरकतो, म्हणून आवळल्यावर पुन्हा मोजा. झडपेच्या स्टॉपचा स्क्रू फिरवून व्होल्टेज जुळवायचा मोह होतो. तो टाळा. त्याने झडपच उघडी राहते आणि आयडलिंगचा नवा घोळ मागे लागतो.

मग चौथ्या पायरीतली सावकाश चाल नव्या सेन्सरवरही करून पाहा. नवा आहे म्हणून तो चांगलाच असेल असं नाही. शेवटी केबिनमधून पेडल तळापर्यंत दाबून पूर्ण उघड्या झडपेचा आकडा घ्या. हाताने ४.५ आणि पेडलने ३.८ येत असेल तर केबल सैल आहे किंवा पायपुसणं पेडलखाली अडकतंय.

इलेक्ट्रॉनिक थ्रॉटल बॉडी

इथे काम स्क्रू-बोल्टचं आहे, कौशल्य त्यामानाने कमी. बहुधा चार बोल्ट असतात. काही गाड्यांत थ्रॉटल बॉडीला कुलंटच्या दोन नळ्या जोडलेल्या असतात; त्या चिमट्याने दाबून धरा आणि नंतर कुलंटची पातळी तपासा. गॅस्केट नवंच घ्या. इनटेकच्या तोंडात स्वच्छ फडकं ठेवा, म्हणजे काही आत पडणार नाही, आणि परत बसवताना ते काढायला विसरू नका. बोल्ट आमनेसामने, थोडे थोडे करत आवळा. ८ ते १० न्यूटन-मीटर ही साधारण मर्यादा, नेमका आकडा मॅन्युअलचा.

शिकवणी

ईसीयूने जुन्या झडपेची बंद जागा लक्षात ठेवलेली असते. कोड पुसून नवी जागा शिकवावी लागते. इलेक्ट्रॉनिक प्रकारात बऱ्याच गाड्यांना स्कॅनरमधून थ्रॉटल ॲडॅप्टेशन चालवावं लागतं, ते टाळून चालत नाही. जिथे तशी अट नाही, तिथे पेडलला पाय न लावता चावी ऑन करून थोडा वेळ थांबा, बंद करा, दहा-पंधरा सेकंदांनी इंजिन सुरू करा. पूर्ण गरम होईपर्यंत आयडलिंगला चालू द्या, मग एसी लावून आणखी काही मिनिटं. आरपीएम सुरुवातीला थोडे भरकटले तर सेन्सरला लगेच बोल लावू नका.

रस्त्यावर

ज्या स्थितीत गचका येत होता तीच घडवून आणा: हलक्या पेडलने निघणं, एका वेगाने स्थिर चालणं, थांबताना क्लच दाबून आरपीएम बसू देणं. फ्रीझ फ्रेममध्ये गरम इंजिन लिहिलेलं असेल तर गाडी तेवढी गरम होईपर्यंत चालवा. परत आल्यावर फक्त दिवा विझलाय का ते पाहू नका, पेंडिंग कोड वाचा. काही दोष दोन वेगवेगळ्या फेऱ्यांत दिसल्याशिवाय दिवा पेटत नाही. पी०१२१ पुन्हा पेंडिंगमध्ये आला आणि सेन्सरची चाल गुळगुळीत असेल, तर आता मॅफ-मॅपचे आकडे आणि व्हॅक्यूम गळती तपासा. हा कोड तुलनेवर उभा असतो, आणि तुलनेतली दुसरी बाजूही खोटी असू शकते.